गुंठ्याची बाजू



सातवीच्या वर्गात दरवर्षी एक प्रश्न विचारला जातो आणि दरवर्षी त्याचे तेच चुकीचे उत्तर येते. एक मीटर म्हणजे शंभर सेंटीमीटर. तर एक चौरस मीटर म्हणजे किती चौरस सेंटीमीटर? अर्ध्याहून अधिक वर्ग एका सुरात ‘शंभर’ म्हणतो. अशा वेळी फळ्यावर सूत्र लिहून फारसा उपयोग होत नाही. खडूने फरशीवर एक मीटर बाजूचा चौरस आखावा, दहा सेंटीमीटर बाजूचे पुठ्ठ्याचे तुकडे आधीच कापून ठेवावेत आणि त्याच मुलांना ते मांडायला लावावे. एक तुकडा म्हणजे दहा गुणिले दहा, शंभर चौरस सेंटीमीटर. तो पहिला तुकडा कोपऱ्यात ठेवताच मुलांनी सांगितलेले शंभर तिथेच संपतात आणि बाकीचा सगळा चौरस मोकळा पडलेला दिसतो. वर्गात हसू फुटते. मग आणखी नव्याण्णव तुकडे लागतात, आणि दहा हजार ही संख्या पाठ न करताच मुलांच्या लक्षात राहते.

ही चूक शाळेत होते तोवर तिची किंमत दोन गुण असते. मोठेपणी तीच चूक निराळ्या वेषात भेटते. सदनिकेच्या दस्तात चटईक्षेत्र चौरस मीटरमध्ये लिहिलेले असते आणि घरातले बोलणे मात्र चौरस फुटांत चालते. मीटर म्हणजे ३.२८ फूट हे सर्वांना ठाऊक असते, म्हणून ८० चौरस मीटरला ३.२८ ने गुणले जाते आणि उत्तर येते २६२. दोन शयनगृहांचे घर २६२ चौरस फुटांत बसणार नाही हे कोणालाही कळते, त्यामुळे चूक तिथल्या तिथे पकडली जाते. लांबी मीटरमध्ये आहे आणि रुंदीही मीटरमध्ये आहे, म्हणून ३.२८ ने दोनदा गुणायचे, म्हणजे १०.७६ ने, आणि मग ८६१ चौरस फूट हे खरे उत्तर मिळते. घराच्या बाबतीत डोळा गणिताच्या मदतीला येतो. शेताच्या बाबतीत डोळ्याला तेवढा सराव नसतो. शेत गावाकडे आणि वारस दूरच्या प्रांतात असतील तर मुळीच नसतो.

महाराष्ट्रातील सातबाऱ्याचेच उदाहरण घ्यावे. १९५६ च्या वजनमापांच्या कायद्यानंतर दशमान पद्धती टप्प्याटप्प्याने देशात आली आणि जमिनीचे क्षेत्र हेक्टर, आर आणि चौरस मीटर अशा तीन कप्प्यांत लिहिले जाऊ लागले. बोलण्यातून मात्र एकर आणि गुंठा गेले नाहीत. चाळीस गुंठ्यांचा एकर हे कोष्टक आजही आजोबांकडून नातवंडांकडे जाते. आता समजा, तीन भावंडांची वडिलोपार्जित जमीन बरोबर तीन एकर आहे. सातबाऱ्यावर ती एक हेक्टर, एकवीस आर, एक्केचाळीस चौरस मीटर अशी दिसेल. दोघे भाऊ गावात आहेत, बहीण लग्नानंतर परप्रांतात गेलेली आहे. २००५ च्या दुरुस्तीनंतर हिंदू एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क आहे, तेव्हा वाटणी तीन सारख्या हिश्शांची. प्रत्येकी एक एकर, म्हणजे चाळीस गुंठे. इथवर सर्व सरळ आहे. वाटणीपत्र लिहिताना कोणीतरी म्हणते, ‘गुंठा काय आणि आर काय, एकच,’ आणि प्रत्येकाच्या नावापुढे चाळीस आर पडतात.

गुंठा आणि आर एकच नाहीत. गुंठा हा तेहतीस फूट बाजूचा चौरस आहे. त्याचे क्षेत्र १,०८९ चौरस फूट. आर हा दहा मीटर बाजूचा चौरस. दहा मीटर म्हणजे तेहतीस फुटांना सुमारे सव्वादोन इंच कमी, आणि क्षेत्र साधारण १,०७६ चौरस फूट. एका गुंठ्यामागे फरक साडेबारा चौरस फुटांचा, एक लहानशी न्हाणी मावेल इतका. चाळीस गुंठ्यांमागे तो ५०४ चौरस फूट होतो. एक एकर म्हणजे चाळीस आर नव्हे, चाळीस आर सत्तेचाळीस चौरस मीटर. तिघांना चाळीस-चाळीस आर दिल्यावर सातबाऱ्यावरील एकूण क्षेत्रातून एक आर एक्केचाळीस चौरस मीटर शिल्लक राहतात. जुन्या भाषेत हा झाला सुमारे एक गुंठा सहा आणे. तो वाटणीपत्रात कोणाच्याच नावावर नाही, पण जमिनीवर तो कुठेतरी आहे, आणि बहुधा ज्याचा हिस्सा रस्त्याला लागून आहे त्याच्या कुंपणाच्या आत आहे. यात कोणाची लबाडी असेलच असे नाही. दहा-पंधरा वर्षांनी रस्ता रुंद होतो, भाव चढतो, मोजणी मागवली जाते, आणि त्या दिवशी तीन भावंडांमध्ये जे बोलणे होते ते सहसा गणिताचे नसते.

दुसरी चूक त्याहून साधी आणि त्याहून महाग. एक हेक्टर पाच आर हे क्षेत्र १.०५ असे लिहितात. घाईत मधले शून्य गळले की १.५ होते, आणि १.५ म्हणजे दीड हेक्टर. फरक पंचेचाळीस आरांचा, एका एकराहूनही अधिक. रुपये-पैशांत हा घोटाळा कोणी करत नाही, कारण एक रुपया पाच पैसे आणि दीड रुपया यांतला भेद व्यवहाराने शिकवलेला असतो. हेक्टर आणि आर यांचे नाते रुपया-पैशांसारखेच, एकास शंभर असे आहे, एवढे एकदा सांगितले की सहसा पुरते.

या शाळेतून बाहेर पडलेली मुले-मुली आज देशाच्या अनेक प्रांतांत स्थायिक झाली आहेत. निवृत्तीच्या सुमारास कोणी कोलकात्याजवळ, कोणी गुवाहाटीकडे, कोणी लखनौ किंवा चंडीगढच्या बाजूला जमिनीचा तुकडा घेण्याच्या विचारात असते. तिथे गेल्यावर निराळाच प्रश्न उभा राहतो. नाव तेच असते, क्षेत्र वेगळे असते. बंगालचा बिघा १४,४०० चौरस फुटांचा आहे आणि आसामचाही तेवढाच. यावरून दोन्हीकडचा कठ्ठाही सारखाच असेल असे कोणालाही वाटेल. पण बंगालात वीस कठ्ठ्यांचा बिघा होतो आणि आसामात पाच कठ्ठ्यांचा. म्हणून बंगालचा कठ्ठा ७२० चौरस फूट आणि आसामचा २,८८०. आसामात नोकरी झालेल्या कोणी बंगालात दोन कठ्ठे जागेचा सौदा फोनवर ठरवला, तर त्याच्या डोळ्यांसमोर पावणेसहा हजार चौरस फुटांचे अंगण असेल आणि खरेदीखतावर १,४४० चौरस फूट येतील. यात फसवणूक कोणीच केलेली नाही. विकणाऱ्याने त्याचा कठ्ठा सांगितला, घेणाऱ्याने आपला ऐकला.

उत्तर प्रदेशातील पक्का बिघा २७,२२५ चौरस फुटांचा, बंगालच्या जवळजवळ दुप्पट. आणि त्याच राज्यात कच्चा बिघा अनेक ठिकाणी पक्क्याच्या एक तृतीयांश. सौराष्ट्राचा बिघा १७,४२४ चौरस फूट, गुजरातच्या इतर भागांत आणखी वेगळा. बिघा या शब्दाचा अर्थ विचारायचा तर आधी जिल्हा विचारावा लागतो. कोष्टके छापलेली असतात, भ्रमणध्वनीवर रूपांतर करून देणारी साधनेही असतात. पण त्या साधनाला ‘बिघा’ एवढेच सांगितले तर ते कोणता तरी एक बिघा धरून उत्तर देते, आणि कोणता धरला हे पाहण्याइतके थांबणारे थोडे.

यावर एक उपाय आहे आणि तो सातवीच्या मुलालाही जमतो. एककाचे नाव विचारू नये. त्याची बाजू विचारावी. हे एकक किती लांबीच्या बाजूवरचा चौरस आहे? बाजू कळली की बाकीचे उत्तर स्वतःलाच काढता येते: दोन बाजूंचे गुणोत्तर काढायचे आणि त्याचा वर्ग करायचा. आणि ती बाजू डोळ्यांपुढे आणण्यासाठी शाळेच्या मैदानाइतकी चांगली जागा नाही.

क्रिकेटच्या खेळपट्टीची लांबी, एका टोकाच्या यष्ट्यांपासून दुसऱ्या टोकाच्या यष्ट्यांपर्यंत, बावीस वार. ही संख्या खेळाडूंना पाठ असते. ती तीच का, हे क्वचित विचारले जाते. बावीस वार म्हणजे सहासष्ट फूट, आणि सहासष्ट फूट ही इंग्रज मोजणीदारांच्या साखळीची लांबी. सतराव्या शतकाच्या पूर्वार्धात एडमंड गंटर या गणितज्ञाने शंभर कड्यांची ही साखळी प्रचारात आणली. तिच्यातली खुबी अशी की दहा चौरस साखळ्यांचा बरोबर एक एकर होतो. एक साखळी रुंद आणि दहा साखळ्या लांब असा पट्टा म्हणजे एकर. फूट, वार, फर्लांग अशा अवघड पाढ्यांच्या देशात गंटरने दशांश चिन्ह हलवून एकर काढण्याची सोय तीनशे वर्षे आधीच करून ठेवली होती. आता मैदानावरच्या खेळपट्टीकडे पाहावे. तिची निम्मी लांबी, म्हणजे तेहतीस फूट, बाजू धरून चौरस आखला की तो गुंठा. पूर्ण खेळपट्टी बाजू धरली की चार गुंठे. दोनदा दुप्पट झाली, म्हणून चौपट. पाव खेळपट्टी, साडेसोळा फूट, बाजू धरली की पंजाब-हरियाणातला मरला. वीस मरल्यांचा एक कनाल आणि आठ कनालांचा एकर. गुंठ्याची बाजू मरल्याच्या दुप्पट, म्हणून चार मरल्यांचा एक गुंठा, बरोबर चार, दशांशाशिवाय. दोन खेळपट्ट्या, १३२ फूट, बाजू धरली की सौराष्ट्राचा बिघा. गुंठ्याच्या चौपट बाजू, म्हणून सोळा गुंठे. अडीच खेळपट्ट्या, १६५ फूट, धरली की उत्तरेचा पक्का बिघा. पाचपट बाजू, पंचवीस गुंठे. जालंधरपासून राजकोटपर्यंत पसरलेली ही सगळी मापे एकाच मैदानावर आखता येतात.

ती इतकी बिनचूक जुळतात हा योगायोग नाही. मुंबई इलाख्यात प्रिंगलने केलेली पहिली मोजणी आणि आकारणी दोषांमुळे सोडून द्यावी लागली आणि १८३० च्या दशकात गोल्डस्मिड व विंगेट यांनी इंदापूर तालुक्यापासून नव्याने काम सुरू केले. एकर इंग्रजांचा, पण त्याचे चाळीस भाग करून गुंठा, आणि गुंठ्याचे सोळा भाग करून आणा, अशी इथल्या माणसाच्या तोंडी बसणारी रचना झाली. त्यासाठी साखळीही तेहतीस फुटांची, सोळा आण्यांची. रुपयातून आणे १९५७ साली गेले. ‘सोळा आणे खरे’ हे बोलण्यात राहिले, आणि गुंठ्यातले आणे जुन्या मोजणीच्या कागदांत राहिले. पंजाबात करम हे माप सहासष्ट इंचांचे ठरले; चाळीस करम लांब आणि छत्तीस करम रुंद शेत, म्हणजे २२० गुणिले १९८ फूट, करून पाहिले तर बरोबर एका एकराचे ४३,५६० चौरस फूट येतात.

उत्तरेच्या पक्क्या बिघ्याची कथा त्याहून जुनी. अकबराच्या काळी इलाही गज एक्केचाळीस अंगुळांचा ठरला आणि साठ गज बाजूचा चौरस म्हणजे बिघा असे झाले. तो गज नेमका किती, यावर पुढे कंपनी सरकारच्या अधिकाऱ्यांत बराच काथ्याकूट झाला आणि शेवटी तेहतीस इंच ही लांबी धरण्यात आली. साठ गुणिले तेहतीस इंच म्हणजे १६५ फूट, म्हणजे अडीच साखळ्या. मोगलांचा बिघा इंग्रजांच्या साखळीत असा बसवला गेला.

याच काळातला आणखी एक तपशील अबुल फजलने ‘आइन-ए-अकबरी’त नोंदवून ठेवला आहे, आणि क्षेत्रमापनाच्या दृष्टीने तो फार मोलाचा आहे. पूर्वी मोजणी तागाच्या पिळलेल्या दोरीने होत असे. दोरी दवाने भिजली की आखडे, उन्हाने वाळली की सैल होई. म्हणून पुढे बांबूचे तुकडे लोखंडी कड्यांनी जोडून जरीब तयार करण्यात आली. दोरी आखडल्याने कोणाचे काय बिघडले, हे समजण्यासाठी पुन्हा सातवीच्या फरशीवरच यावे लागते. साठ गजांची दोरी विसांत एक भाग आखडली, म्हणजे सत्तावन गजांची झाली, तर वरवर पाहता नुकसान शेकडा पाचाचे. पण ती लांबीलाही लावली जाते आणि रुंदीलाही. शंभर बिघ्यांचे शेत तिने मोजले तर कागदावर जवळजवळ एकशे अकरा बिघे होतात, आणि सारा एकशे अकरा बिघ्यांवर. सकाळच्या दवात मोजलेले शेत दुपारी मोजलेल्या शेतापेक्षा मोठे भरायचे, आणि त्या वाढीव अकरा बिघ्यांत धान्य उगवत नसे. सुधारणेचे श्रेय तोडरमलाच्या काळातील महसूल व्यवस्थेला दिले जाते. ते योग्यच आहे.

मराठी मुलखातही रचना हीच. शिवकाळात अण्णाजी दत्तो यांच्या देखरेखीखाली जी जमीनमोजणी झाली तिची काठी पाच हात पाच मुठींची होती. वीस काठ्या लांब आणि वीस काठ्या रुंद म्हणजे एक बिघा, आणि एकशे वीस बिघ्यांचा एक चावर. त्याच्याही मागे गेले तर भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’च्या आरंभीच्या परिभाषेत दहा हातांचा एक वंश आणि वीस वंश बाजूचा चौरस ते निवर्तन, असे कोष्टक मिळते. म्हणजे निवर्तनातही वीस गुणिले वीस, बिघ्यातही वीस गुणिले वीस. बदलली ती काठी. निवर्तनाची लांबी ग्रंथाग्रंथांत वेगळी आहे, पण शब्द फार जुना. नाशिकच्या लेण्यांतील गौतमीपुत्र सातकर्णीच्या लेखात भिक्षूंना दोनशे निवर्तने शेत दिल्याची नोंद आहे, आणि पुढच्या एका लेखात ते शेत कसले जात नाही, गाव वसलेले नाही, म्हणून त्याऐवजी नगरसीमेवरची शंभर निवर्तने दिल्याचे म्हटले आहे. दोनशेऐवजी शंभर, पण लागवडीखालची. क्षेत्राचा आकडा आणि जमिनीची किंमत या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे त्या काळच्या भिक्षूंनाही चांगले उमगले असावे.

सगळीच एकके अशी सुबक बाजू घेऊन येत नाहीत. दक्षिणेतला सेंट हा एकराचा शंभरावा भाग, ४३५.६ चौरस फूट. तो भागाकारातून जन्मला, चौरसातून नव्हे. चेन्नईचा ग्राउंड २,४०० चौरस फूट. तो साठ गुणिले चाळीस असा आयत म्हणून लक्षात ठेवावा. बंगालचा बिघा ऐंशी हातांचा, म्हणजे १२० फुटांचा चौरस. तो हाताच्या मापावर उभा असल्याने साखळीच्या कुटुंबात बसत नाही आणि त्याचे गुंठे करायला गेले की सव्वातेरा गुंठ्यांच्या जवळपास, १३.२२ असा ओबडधोबड आकडा येतो. उत्तराखंडातील नाली तर मुळात लांबीचे मापच नाही. नाली हे धान्य मापण्याचे भांडे. तेवढे बी जितक्या जमिनीत पेरले जाईल तितकी जमीन एक नाली. डोंगरउतारावरच्या पायऱ्यापायऱ्यांच्या शेतांना साखळी लावण्यापेक्षा बियाणे मोजणे सोपे, आणि शेतकऱ्याला हवी असलेली माहितीही त्यातच. पुढे तिचेही २४० चौरस वार असे प्रमाण ठरले. अशा वेळी मध्ये चौरस फूट किंवा चौरस मीटर आणून दोन पायऱ्यांत रूपांतर करावे हे उत्तम. मात्र दुसऱ्या पायरीवर पोहोचेपर्यंत आकडा तोडू नये. प्रत्येक पायरीवर दशांश छाटले की शेवटी काही चौरस मीटर कुठे गेले ते सापडत नाही.

बांधकामावर तर एकच शब्द दोन जातींच्या मापांना चालतो. शंभर चौरस फूट स्लॅब म्हणजे एक ब्रास आणि शंभर घनफूट वाळू म्हणजेही एक ब्रास. घर बांधणाऱ्याने अंदाजपत्रक वाचताना एवढे तरी विचारावे की हा ब्रास जमिनीवर पसरलेला आहे की ट्रकमध्ये भरलेला.

आता पुन्हा मैदानावर. सातवीच्या मुलांना गुंठा आखायला सांगितला की ती उत्साहाने तेहतीस फुटांची दोरी आणतात, चार खुंट्या ठोकतात, चारही बाजू मोजून दाखवतात आणि काम संपले म्हणून हात झटकतात. चारही बाजू बरोबर तेहतीस फूट असतात, आणि तरीही तो गुंठा असेलच असे नाही. एका बाजूच्या दोन खुंट्या थोड्या सरकल्या, की बाजू तेवढ्याच राहून चौरसाचा समभुज चौकोन होतो. त्याचा एक कर्ण चाळीस फूट झाला, तर दुसरा साडेबावन्न होतो आणि क्षेत्र १,०८९ ऐवजी १,०५० चौरस फूट भरते. आणखी कलवला तर आणखी कमी. भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त या बाबतीत कठोर शब्द वापरले आहेत. चौकोनाच्या नुसत्या चार बाजू सांगून, लंब किंवा कर्ण न सांगता, जो त्याचे क्षेत्र विचारतो त्याला ते पिशाच म्हणतात, आणि जो उत्तर देतो त्याला त्याहून वाईट. समोरासमोरच्या बाजूंची सरासरी काढून गुणाकार करण्याची जी जुनी व्यवहारी पद्धत गावोगाव चालत असे, तिच्यात वाकड्या शेताचे क्षेत्र नेहमी खऱ्याहून जास्तच येते, कधीही कमी येत नाही. सारा देणाऱ्याला आणि जमीन विकत घेणाऱ्याला, दोघांनाही ते महागात पडत असे.

म्हणून मुलांना शेवटी कर्ण मोजायला सांगितले जाते. दोघे दोन कोपऱ्यांत बसतात, तिसरा फीत वाचतो, बाकीचे दोरीवर पाय पडू नये म्हणून एकमेकांना ओरडत असतात. दोन्ही कर्ण सेहेचाळीस फूट आठ इंच यायला हवेत. पहिल्या वेळी ते कधीच येत नाहीत. एक खुंटी उपटली जाते, बोटभर सरकवून पुन्हा ठोकली जाते, फीत पुन्हा ताणली जाते; आणि तास संपल्याची घंटा झाली तरी चौथ्या कोपऱ्यातला मुलगा खुंटी सोडून उठत नाही.